अर्जाचा फोटो घरच्या घरी नीट करा : इरफानव्ह्यू पहिल्यांदा उघडणाऱ्यांसाठी

माझा बँक परीक्षेचा पहिला अर्ज सहीपायी गेला. तालुक्याच्या एका केंद्रावर भरला होता. फोटो त्यांनी कापला, सही त्यांनीच चढवली. मागे लोकांची रांग होती, म्हणून मीही स्क्रीनकडे वाकून पाहिलं नाही. पावती घेतली आणि एसटी पकडली. अर्ज नाकारल्याचं कळलं तेव्हा डाउनलोड करून ठेवलेली प्रत उघडली. सहीच्या चौकटीत राखाडी डाग होता आणि त्यात दोन फिकट रेघा. एक वर्षाची तयारी त्या डागाखाली गेली.

त्यानंतर हे काम मी स्वतः शिकले. आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यातल्या राळेगाव तालुक्यात आहे. गावातल्या अभ्यासिकेत २ जीबी रॅमचा एक जुना लॅपटॉप आहे. मोठी फोटोची सॉफ्टवेअरं त्यावर उघडता उघडता लाइन जाते. इरफानव्ह्यू मात्र क्लिक करताच उघडतं आणि एकदा बसवलं की त्याला इंटरनेट लागत नाही. गेली काही वर्षं गावातल्या मुलामुलींचे अर्जाचे फोटो मी त्यावरच करून देते. आता प्रत्येकाने हे स्वतःच करावं असं मला मनापासून वाटतं, कारण आपल्या फोटोची काळजी आपल्याइतकी दुसरा कोणी घेत नाही. जिने कधी माउसही नीट धरला नसेल, तिलाही जमेल अशा बेताने पुढे लिहिलं आहे.

हे आहे काय?

इरफानव्ह्यू हे विंडोजवर चालणारं फोटो बघायचं छोटं सॉफ्टवेअर आहे. बोस्नियात जन्मलेल्या इरफान श्किल्यान यांनी ते तयार केलं. त्यांचं शिक्षण व्हिएन्नाच्या तंत्रविद्यापीठात झालं. पहिली आवृत्ती १९९६ साली आली आणि आजही त्यात नवीन सुधारणा होत असतात. त्याचं चिन्ह लाल रंगाच्या, पसरून पडलेल्या मांजरासारखं आहे.

घरगुती वापरासाठी आणि शाळा-वाचनालयांसाठी ते फुकट आहे. तुम्ही फोटो काढून देण्याचे पैसे घेत असाल, तुमचं सेतू केंद्र किंवा स्टुडिओ असेल, तर मात्र त्याचा परवाना विकत घ्यावा लागतो. ज्यावर आपलं पोट चालतं त्याचा मोबदला द्यायलाच हवा.

काय काय लागेल

– विंडोजचा कोणताही चालू स्थितीतला लॅपटॉप किंवा कॉम्प्युटर
– मोबाइल आणि त्याची डेटा केबल (काही स्वस्त केबलींनी फक्त चार्जिंग होतं, आधी तपासा)
– काळ्या शाईचा पेन आणि रेघा नसलेला पांढरा कागद
– मागे धरायला पांढरी चादर किंवा धोतर
– अर्जाच्या जाहिरातीतलं फोटो-सहीच्या मापाचं पान. हे सगळ्यात महत्त्वाचं. प्रत्येक परीक्षेचं माप वेगळं असतं, आणि मागच्या वर्षीचं माप याही वर्षी असेलच असं नाही.

१. सॉफ्टवेअर उतरवा

पत्ता आहे इरफानव्ह्यू डॉट कॉम. डाउनलोडच्या पानांवर मोठमोठी हिरवी बटणं चमकतात. त्यातली पुष्कळशी जाहिरातींची असतात आणि त्यांवर क्लिक केलं की भलतंच काहीतरी लॅपटॉपवर येऊन बसतं. बटणावरचं नाव आणि आकडा वाचल्याशिवाय क्लिक करू नका. फाईल अगदी लहान, काही एमबीचीच असते. ५०-६० एमबीचं काही उतरायला लागलं तर थांबवा, तुम्ही चुकीच्या बटणावर गेलात.

३२ बिट आणि ६४ बिट अशा दोन आवृत्त्या दिसतील. आपला लॅपटॉप कोणता हे माहीत नसेल तर ३२ बिट घ्या, ती दोन्हीकडे चालते. त्याच ठिकाणी प्लगइन्सची (जादा सोयींच्या जोडण्यांची) वेगळी फाईल असते, तीही घ्या, पुढे पीडीएफसाठी लागेल. सॉफ्टवेअर ३२ बिट असेल तर प्लगइन्सही ३२ बिटच हवेत.

२. आधी फोटो चांगला काढा

सॉफ्टवेअरने फोटो सुधारतो, पण मुळात हललेला चेहरा कशानेच स्थिर होत नाही. म्हणून इथे पाच मिनिटं जास्त गेली तरी जाऊ द्या.

आपल्याकडे उन्हाळ्यात सकाळी नऊनंतर अंगणातलं ऊन इतकं कडक असतं की डोळ्यांखाली आणि नाकाखाली काळ्या सावल्या पडतात. अंगणात उभं राहू नका. छपरीत या, तोंड अंगणाकडे करा, पाठ भिंतीकडे. बाहेरचा उजेड चेहऱ्यावर सारखा पसरतो. भिंतीला निळा रंग असेल, आणि आपल्याकडे बहुतेक घरांना तो असतोच, तर मागे पांढरं कापड धरा. आमच्याकडे आबाजींचं धुतलेलं धोतर दोघं जण दोन टोकांना ताणून धरतात. कापडापासून दोन हात पुढे उभं राहिलं की सावली कापडावर पडत नाही. वर निळी ताडपत्री टाकलेली असेल तर तिच्याखाली फोटो काढू नका. तिचा रंग थेट चेहऱ्यावर उतरतो आणि मग तो काढताना नाकी नऊ येतात.

मोबाइल डोळ्यांच्या उंचीवर धरा. सेल्फी नको. मागचा कॅमेरा वापरा, दुसऱ्याला काढायला सांगा आणि ब्युटी मोड बंद करा. तीन-चार फोटो काढा, त्यातला एकतरी डोळे उघडे असलेला निघतोच.

३. फोटो लॅपटॉपवर आणा, पण व्हॉट्सअॅपने नको

फोटो व्हॉट्सअॅपवर साधा पाठवला की तो दाबून लहान केला जातो. मोबाइलवर फरक दिसत नाही, पण चेहरा कापून मोठा केला की भुरकट ठिपके दिसायला लागतात. केबल लावा. मोबाइलवर ‘फाईल ट्रान्सफर’ निवडा आणि डीसीआयएम नावाच्या फोल्डरमधून फोटो कॉपी करा. केबल नसेलच तर व्हॉट्सअॅपवर फोटो ‘डॉक्युमेंट’ म्हणून जोडा, तसा पाठवला की तो मूळ आकारात येतो.

लॅपटॉपवर स्वतःच्या नावाचा फोल्डर करा. त्यात आणखी एक फोल्डर करून त्याला ‘मूळ’ असं नाव द्या आणि आणलेले फोटो त्यात ठेवा. कामासाठी त्यांची प्रत बाहेर घ्या. ‘मूळ’मधल्या फोटोला कधीच हात लावायचा नाही.

यामागचं कारण सांगते. इरफानव्ह्यूत कंट्रोल आणि एस दाबलं की तो आहे त्याच फाईलवर जतन करतो, जुना फोटो गेला म्हणून समजा. नुसतं एस दाबलं तर ‘सेव्ह अॅज’ची खिडकी उघडते आणि नवीन नाव देता येतं. आमच्याकडे एका मुलीने १० केबीची सही करताना घाईत कंट्रोल-एस दाबलं. तिच्याजवळ दुसरा फोटो नव्हता आणि शेवटच्या तारखेला दोन तास उरले होते. ती धावत घरी गेली, पुन्हा कागदावर सही करून घेऊन आली, तेव्हा कुठे काम झालं. तुमच्यावर ती पळापळ येऊ नये.

शिवाय जेपीजी (फोटोच्या फाईलचा नेहमीचा प्रकार) फोटो प्रत्येक वेळी जतन करताना थोडा थोडा बिघडतो. दहादा उघडून दहादा जतन केला तर डोळ्यांभोवती घाण दिसायला लागते. मूळ जवळ असलं की केव्हाही नव्याने सुरुवात करता येते.

४. सरळ करा आणि कापा

फोटोवर डबल क्लिक करा. फाईल इरफानव्ह्यूतच उघडली का हे बघा. नाही उघडली तर आधी इरफानव्ह्यू उघडा आणि फोटो माउसने धरून त्यात ओढून टाका.

आडवा आला असेल तर आर दाबून उजवीकडे, एल दाबून डावीकडे फिरवा. थोडासाच कललेला असेल तर कंट्रोल-यू दाबा. तिथे अंश टाकता येतात. दीड-दोन अंशांनीही खांदे सरळ होतात.

आता कापणं. बहुतेक जण इथे चुकतात. माउसने अंदाजे चौकट ओढतात, कापतात आणि मग माप बसेना म्हणून चेहरा ताणतात. मग अर्जात लांबुळका किंवा फुगलेला चेहरा जातो. प्रमाण आधी ठरवा. पासपोर्ट आकाराचा फोटो साडेतीन बाय साडेचार सेंटिमीटर असतो, म्हणजे ७ ला ९. आयबीपीएसच्या (बँक भरतीची परीक्षा घेणाऱ्या संस्थेच्या) अर्जात फोटो २०० बाय २३० पिक्सेल मागतात, म्हणजे २० ला २३.

शिफ्ट-सी दाबा. खिडकी उघडेल. तिथे चौकटीचं प्रमाण स्वतः लिहायची सोय आहे. २० आणि २३ लिहा आणि ओके करा. फोटोवर चौकट दिसेल. तिच्या कडा ओढून ती लहान-मोठी करा. चौकट आहे तशीच सरकवायची असेल तर तिच्या आत उजवं बटण दाबून धरा आणि ओढा. डावं बटण दाबलं तर नवीनच चौकट सुरू होते, हे मला कळायला दोन दिवस लागले होते. चौकट ओढताना तिचं माप वरच्या पट्टीत दिसत राहतं.

डोक्याच्या वर थोडी जागा सोडा आणि खाली खांदे येऊ द्या. चेहरा चौकटीचा बराचसा भाग व्यापेल असं बघा. मन भरलं की कंट्रोल-वाय. फोटो कापला गेला. चुकलं तर कंट्रोल-झेड. फारच बिघडलं तर फाईल मेन्यूतलं ‘रिओपन’ दाबा, फोटो पुन्हा पहिल्यासारखा उघडेल.

५. पिक्सेल, केबी, सेंटिमीटर : तीन वेगळ्या गोष्टी

अभ्यासिकेत मला सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच. ‘ताई, फोटो लहान केला तरी अर्ज घेत नाही, काहून?’ उत्तर असं की लहान करणं तीन प्रकारचं असतं.

पिक्सेल म्हणजे फोटोत आडवे आणि उभे किती ठिपके आहेत. कापसाच्या वावरात सरी किती आणि प्रत्येक सरीत झाडं किती, तसं. २०० बाय २३० म्हणजे २०० आडवे, २३० उभे, एकूण ४६,००० ठिपके.

केबी म्हणजे ती फाईल लॅपटॉपमध्ये किती जागा खाते. तेवढेच ठिपके असले तरी फाईल १० केबीची होऊ शकते, ४० केबीचीही होऊ शकते. जतन करताना किती दाबलं त्यावर ते ठरतं. कापूस तोच, पण गठाण किती आवळली तेवढी जागा ती घेते.

सेंटिमीटर हे फक्त कागदावर छापताना लागतं. डीपीआय म्हणजे एका इंचात किती ठिपके छापायचे. ऑनलाइन अर्जात पिक्सेल आणि केबी दिलेले असतील तर सेंटिमीटरच्या मागे लागू नका.

आय दाबलं की उघड्या फोटोची सगळी माहिती दिसते : किती पिक्सेल, डिस्कवर किती जागा, छापला तर किती सेंटिमीटर. कोणताही फोटो हाती आला की आधी आय दाबायची सवय लावून घ्या.

आता माप द्या. कंट्रोल-आर. ‘सेट न्यू साइज’मध्ये एकक पिक्सेलच आहे ना ते बघा. रुंदी २०० लिहा. ‘प्रिझर्व्ह अॅस्पेक्ट रेशो’वर बरोबरची खूण असू द्या, उंची आपोआप २३० होईल. २२९ किंवा २३१ आली तर आधीच्या कापण्यात किंचित फरक पडला आहे, तेव्हा ती खूण काढून २३० लिहा, एका ठिपक्याने चेहरा बदलत नाही. पण १८० किंवा २८० येत असेल तर मागे जा आणि पुन्हा कापा. खाली ‘रिसॅम्पल’चा पर्याय असतो, तोच ठेवा, कडा गुळगुळीत राहतात.

लहान फोटो मोठा करून माप भरू नका. १०० बाय ११५चा चेहरा ताणून २०० बाय २३० केला तर माप बसतं, पण ओळख पटत नाही.

मग नुसतं एस दाबा. जेपीजी निवडा. खिडकीत ‘शो ऑप्शन्स डायलॉग’वर खूण करा, मगच बाजूला दुसरी छोटी खिडकी उघडते. तिच्यात गुणवत्तेची पट्टी असते, १ ते १००. आणि खाली फाईल ठरावीक केबीत बसवायचा पर्याय असतो, ‘सेट फाईल साइज’ नावाचा. आयबीपीएसला फोटो २० ते ५० केबीमध्ये हवा असतो, तर तिथे ४० लिहा. ५०च्या काठावर जाऊ नका, काठावरची फाईल कधी कधी अर्ज घेत नाही.

आणखी एक सापळा आहे. काही जण पीएनजी (फोटोचाच दुसरा प्रकार) फाईलचं नाव बदलून शेवटी जेपीजी लिहितात आणि काम झालं समजतात. नावाने प्रकार बदलत नाही. अशी फाईल इरफानव्ह्यूत उघडली की तो स्वतःच सांगतो, हिचं नाव आणि आतला प्रकार जुळत नाही. प्रकार बदलायचा तर एस दाबून, जेपीजी निवडून, नव्याने जतन करा.

६. सही : लहान, पण सगळ्यात जास्त फसवणारी

काळ्या शाईने, पांढऱ्या कागदावर, नेहमीची सही करा. मोठ्या इंग्रजी अक्षरांत सुटं सुटं नाव लिहून सही म्हणून चढवू नका, आयबीपीएस ती चालवून घेत नाही. जाड टोकाचा पेन असेल तर उत्तम, बारीक बॉलपेनची रेघ लहान झाल्यावर तुटते.

कागद टेबलावर सपाट ठेवा आणि मोबाइल बरोबर वरून धरा. आपल्या हाताची सावली कागदावर येते, तिच्यामुळेच तो राखाडी डाग होतो. खिडकीकडे तोंड करून बसा, सावली मागे जाईल.

लॅपटॉपवर आणून सहीभोवती थोडी जागा ठेवून कापा. प्रमाण ७ ला ३, कारण आयबीपीएसची सही १४० बाय ६० पिक्सेल असते. शिफ्ट-जी दाबा. उजेड थोडा वाढवा आणि कॉन्ट्रास्ट बराच वाढवा. कागद पांढराशुभ्र होईपर्यंत आणि रेघ काळी राहील इथपर्यंतच. एका पट्टीला हात लावला की शेजारच्या चित्रात लगेच फरक दिसतो, तेव्हा हळूहळू सरकवा.

आता कंट्रोल-आरने १४० बाय ६० केलं आणि जतन केलं, की बऱ्याचदा फाईल ४-५ केबीची होते. अर्जाला हवी असते १० ते २० केबी. मुलं घाबरतात, पुन्हा पुन्हा करतात, तरी तेवढीच येते. कारण साधं आहे, इतक्या कमी ठिपक्यांत भरायला मजकूरच नाही. आधी गुणवत्ता १०० करून बघा. तरी कमी पडली तर जाहिरात पुन्हा वाचा. माप ‘प्राधान्याने’ असं लिहिलेलं असेल तर प्रमाण तेच ठेवून २८० बाय १२० करा, केबी वाढतात आणि सहीही जास्त स्पष्ट दिसते. अर्ज ठरावीक पिक्सेलच घेत असेल, तर सही काळी-पांढरी न करता रंगीतच ठेवा, रंगीत फाईल थोडी जड असते.

७. उजेड आणि रंग, जेवढा लागेल तेवढाच

शिफ्ट-जीच्या त्याच खिडकीत चेहऱ्याचंही काम होतं. चेहरा काळोखात आणि मागचं कापड पांढरं असेल तर उजेडाची पट्टी वाढवू नका, त्याने सगळंच फिकट होतं. ‘गॅमा’ वाढवा. काळोखातलं उजळतं आणि पांढरं बऱ्यापैकी जागेवर राहतं. १.२ किंवा १.३ पुरेसं असतं. रात्री पिवळ्या बल्बखाली काढलेल्या फोटोत निळा थोडा वाढवा, ताडपत्रीखाली काढलेल्यात निळा कमी करा. शिफ्ट-यू दाबलं तर रंग आपोआप नीट होतात, पण कधी कधी चेहरा लालभडक होतो. आवडलं तर ठेवा, नाही तर कंट्रोल-झेड.

इथे एक विनंती आहे. लोक येतात आणि म्हणतात, ‘पोरीचा फोटो थोडा गोरा करून दे.’ मी करत नाही. परीक्षा केंद्राच्या दारावर फोटो आणि चेहरा ताडून पाहतात, आणि फोटोतली मुलगी समोर उभ्या मुलीसारखी दिसली नाही तर त्रास तिलाच होतो. आणि उन्हात वावरात काम करून रापलेला रंग हा काही दोष नाही की जो पुसून टाकावा. तुमचा फोटो तुमच्यासारखाच दिसू द्या.

८. आठ फोटो एका कागदावर

कधी कधी छापील फोटोही लागतात. साडेतीन बाय साडेचार सेंटिमीटर, ३०० डीपीआयला, म्हणजे ४१३ बाय ५३१ पिक्सेल. ७ ला ९ प्रमाणात कापून कंट्रोल-आरने हे माप द्या, डीपीआयच्या जागी ३०० लिहा. मग इमेज मेन्यूत ‘क्रिएट टाइल्ड इमेज’ आहे. आडवे ४, उभे २, मध्ये कापायला थोडी फट. आठ फोटोंचा एक पान तयार. तो ४ बाय ६ इंचाच्या फोटो कागदावर बरोबर बसतो. फट १० ते १५ पिक्सेलपेक्षा जास्त ठेवायची गरज नाही.

तयार झाल्यावर आय दाबून डीपीआय ३०० आहे ना ते बघा, नसेल तर तिथेच बदला. कंट्रोल-पी दाबल्यावर ‘ओरिजिनल साइज’चा पर्याय निवडा, जो डीपीआयवरून माप घेतो. ‘बेस्ट फिट’ ठेवलं तर फोटो कागदभर ताणले जातात आणि एकही पासपोर्ट आकाराचा राहत नाही. गावात प्रिंटर नसेल तर हीच फाईल पेनड्राइव्हवर घेऊन जा आणि स्टुडिओवाल्या दादांना सांगा, माप बदलू नका, आहे तसंच छापा.

९. शाळेचे दीडशे फोटो एकदम

बी दाबा, बॅचची खिडकी उघडते. फोटो निवडून यादीत टाका, ‘अॅडव्हान्स्ड’ दाबा, लांब बाजू १६०० पिक्सेल द्या, लहान फोटो मोठे करू नका या पर्यायावर खूण करा. आणि ‘आउटपुट डिरेक्टरी’त वेगळा फोल्डर निवडा. हे विसरलात तर दीडशेच्या दीडशे मूळ फोटोंवर लहान फोटो बसायची भीती असते. आमच्या जिल्हा परिषद शाळेच्या स्नेहसंमेलनाचे फोटो मी असेच लहान करते, मग पालकांच्या ग्रुपवर मोबाइल डेटा संपल्याची तक्रार येत नाही.

१०. कागदपत्रं

गुणपत्रिका, दाखला वगैरेंचा फोटो बरोबर वरून, चारही कोपरे येतील असा काढा. शिफ्ट-जीने कॉन्ट्रास्ट वाढवा, शिक्का निळा दिसत राहू द्या, म्हणून काळं-पांढरं करू नका. दोन-तीन पानांची एकच पीडीएफ हवी असेल तर ऑप्शन्स मेन्यूत ‘मल्टिपेज इमेजेस’ आणि त्यात ‘क्रिएट मल्टिपेज पीडीएफ’. यासाठीच सुरुवातीला प्लगइन्स घ्यायला सांगितले. सातबारा मात्र मोबाइलने काढू नका, डिजिटल सहीचा सातबारा ऑनलाइन थेट पीडीएफमध्ये मिळतो, तोच जोडा.

आधार कार्डाची प्रत कुणाला पाठवताना पूर्ण क्रमांक लागत नसेल तर पहिले आठ आकडे झाका. आकड्यांवर चौकट ओढा, कंट्रोल-एक्स दाबा, त्या जागी सपाट रंगाची पट्टी उरते. नव्या नावाने जतन करा आणि तीच पाठवा. सरकारी संकेतस्थळावरून आधीच आकडे झाकलेलं आधारही उतरवता येतं, ते त्याहून सोपं.

एका फोटोला मात्र काहीच करायचं नाही. गारपिटीने तूर झोपली, पुरात पऱ्हाटी खरडून गेली, तर नुकसानीच्या फोटोला कापू नका, उजळू नका, फिरवू नका. फोटोत तारीख, वेळ आणि मोबाइलचं लोकेशन चालू असेल तर ठिकाणही दडलेलं असतं. आय दाबून ‘एक्झिफ’ची माहिती उघडली की ते दिसतं. तोच तुमचा पुरावा आहे. बदलून जतन करताना ती माहिती निघून जाऊ शकते. केबलने कॉपी करा आणि ‘मूळ’ फोल्डरमध्ये तसाच ठेवा.

उलट, घरातल्या मुलींचे फोटो कुणाला पाठवताना ठिकाण जाऊ नये असं वाटत असेल तर जेपीजी जतन करताना ‘कीप एक्झिफ’ची खूण काढा.

११. चढवण्याआधी आणि चढवल्यावर

जतन केलेली फाईल बंद करून पुन्हा उघडा. आय दाबा. पिक्सेल, केबी, प्रकार, तिन्ही जाहिरातीच्या पानाशी ताडून बघा. फाईलचं नाव साधं ठेवा, इंग्रजी अक्षरांत, मोकळी जागा न सोडता. फोटोच्या जागी फोटो आणि सहीच्या जागी सहीच गेली का हे बघा, घाईत अदलाबदल होते.

शेवटच्या दिवसाची वाट बघू नका. आपल्याकडे लाइन आणि नेटवर्क दोन्ही संध्याकाळी दगा देतात. सकाळी लवकर बसा. अंतिम बटण दाबण्याआधी अर्जाचा प्रिव्ह्यू पूर्ण मोठा करून बघा. सही वाचता येते का, डोळे दिसतात का. केंद्रावर जाऊन भरत असाल तर तिथल्या भाऊंना सांगा, ‘थांबा, मला आधी बघू द्या.’ मागे कितीही मोठी रांग असली तरी सांगा. पेनड्राइव्हवर तुमची स्वतःची तयार फाईल असेल तर हे सांगायला धीरही येतो. भरलेल्या अर्जाची पीडीएफ त्याच फोल्डरमध्ये ठेवा, ‘मूळ’च्या शेजारी.